किमचीचं पॅटिस भरायच्या आधी

किमचीचं पॅटिस चहाबरोबर द्यायचं ठरवलं असेल, तर तिखट-आंबटाचा विचार नंतर. आधी पाण्याचा बंदोबस्त करा. अलिबागजवळ किनाऱ्याला राहून, घरी उतरणाऱ्या पाहुण्यांना चारच्या चहाला हा पदार्थ देत आले, म्हणून हे सांगते आहे.

एका मे महिन्यात आमच्या बचत गटाने चहापानाचं काम घेतलं होतं. पॅटिस ओव्हनमधून निघाली तेव्हा पापुद्रे नुसते सुटून आले होते. गाडी दारात उभी, त्यामुळे ती गरमच स्टीलच्या डब्यांत भरली गेली. तासाभराने झाकण काढलं, तर वरचे पदर ओल्या पुठ्ठ्यासारखे लोंबत होते आणि तळ कच्चा, चिकट. वरचे पदर डब्यातल्या वाफेने गेले, तळ किमचीच्या पाण्याने.

खारीचं पीठ फुलतं तेही पाण्यामुळेच. पदरांमधल्या लोण्यातलं आणि पिठातलं पाणी ओव्हनमध्ये वाफ होऊन पदर उचलतं. पण सारणच ओलं असेल तर त्याखालचं पीठ भाजण्याऐवजी शिजतं. त्यात लोणी 32 ते 35 अंशांच्या आसपास वितळतं, आणि उन्हाळ्यात दुपारी आपलं स्वयंपाकघर तेवढं तापलेलंच असतं. म्हणून घड्या घालायचं काम पहाटे उरकावं आणि दर घडीनंतर पीठ फ्रिजमध्ये ठेवावं. ते जमत नसेल तर बेकरीतून कच्चं खारीचं पीठ आणावं. बेकरीवाले मार्गरिन वापरतात, ते उकाड्यात जास्त तग धरतं. चव लोण्याची येत नाही, पण पॅटिस उभं राहतं.

आता किमची. कोरियात ती हिवाळ्याच्या तोंडावर अख्ख्या घराने, शेजाऱ्यापाजाऱ्यांनी मिळून घालायची रीत आहे. तिला किमजांग म्हणतात, आणि 2013 साली युनेस्कोच्या सांस्कृतिक वारशाच्या यादीत तिची नोंद झाली. तिथल्या थंडीत किमची सावकाश मुरते. आपल्याकडे उन्हाळ्यात ती दिवसभरातच आंबायला लागते. किलोभर कोबीला 25 ग्रॅमच्या आसपास मीठ धरा, बरणी गळ्यापर्यंत भरू नका, झाकण रोज सैल करून वायू जाऊ द्या आणि आंबट वास आला की बरणी फ्रिजमध्ये हलवा. मिरची ब्याडगी किंवा काश्मिरी, बिया काढून जाडसर कुटलेली. आगरी-कोळी मसाला मला जिवापाड आवडतो, पण इथे नको. त्यापुढे दुसरं काहीच लागत नाही.

सारणासाठी किमची मुठीत घट्ट पिळा. पिळलेलं पाणी फेकू नका, तांदळाच्या घावनाच्या पिठात घाला. कोरियातही किमची घालून धिरडी करतात. मग अलिबागचा पांढरा कांदा. कार्ले, खंडाळे या गावांत पिकणाऱ्या या कांद्याला 2022 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. तो गोडसर असल्याने किमचीचा आंबटपणा छान पेलतो, मात्र पाणीही भरपूर सोडतो. बारीक चिरून, मंद आचेवर, कढईत तेल सुटेपर्यंत परता. मग किमची घालून पुन्हा परता. चमचा कढईच्या तळावरून ओढल्यावर मागे पाण्याची रेघ उमटत असेल तर अजून थांबा. शेवटी उकडलेला बटाटा कुस्करून आणि चमचाभर भाजलेलं बेसन घाला. उरलासुरला ओलावा ते ओढून घेतात. सारण पूर्ण गार झाल्याशिवाय पिठाला लावू नका.

पॅटिसला वरून चीर द्या, दूध आणि तीळ लावा, 200 अंशांवर भाजा. वरचा रंग बघून फसू नका; एक उचलून तळ बघा, तो बदामी हवा. काढल्यावर जाळीवर ठेवा. आणि पावसाळ्यात हे आदल्या दिवशी करून ठेवायच्या फंदात पडूच नका.

एक गोष्ट पाण्यापेक्षाही महत्त्वाची. विकतच्या किमचीत पुष्कळदा खारवलेली बारीक कोळंबी किंवा मासळीचा अर्क असतो. आमच्याकडे एका शाकाहारी बाईंनी घास घेण्याआधी विचारलं म्हणून बरं, कारण बाटलीवर कोरियन अक्षरं आणि आयातदाराच्या चिकटपट्टीवर तपकिरी त्रिकोण होता. काहींना कोळंबीची ॲलर्जी असते, तिथे तर जिवाशी गाठ. आता मी किमची घरीच, मासळीशिवाय घालते.

मासळी खाणाऱ्यांसाठी मात्र जवळा घालतेच. कोरियातली ती खारवलेली कोळंबी आणि आपला जवळा एकाच ॲसिटस वंशातले, त्यामुळे चव परकी वाटत नाही. जवळा निवडून, कोरडा भाजून, हाताने चुरून शेवटी सारणात मिसळते. ही पॅटिस त्रिकोणी, बिनमासळीची चौकोनी. ट्रे वेगळे, चिमटे वेगळे, आणि शाकाहारी ट्रे ओव्हनमध्ये आधी जातो.