ढालकिड्याच्या पंखाखालील परजीवी

मावा फस्त करणारा ढालकिडा शेतकऱ्याचा मित्र म्हणून परिचित आहे. त्याच्या ठिपकेदार पाठीखाली आणखी एक प्राणी आपले सारे आयुष्य घालवीत असतो, ही गोष्ट मात्र थोड्यांनाच ठाऊक असते. कॉक्सिपोलिपस हिप्पोडेमी हे त्याचे शास्त्रीय नाव. तो कीटक नव्हे. कोळी कीड म्हणून ओळखल्या जाणाऱ्या सूक्ष्म जीवांपैकी तो एक असून गोचिडीचा दूरचा आप्त होय. अमेरिकेतील दक्षिण डकोटा राज्यातील ढालकिड्यांवरून १९६९ साली त्याचे प्रथम वर्णन करण्यात आले. पुढे यूरोपात, पाठीवर दोन ठिपके असलेल्या ढालकिड्यावर, त्याचा बारकाईने अभ्यास झाला.

या परजीवीची प्रौढ मादी पोषकाच्या कठीण पंखाच्या आतील बाजूस मुखांगे रोवून बसते आणि तेथून हलत नाही. हलणे तिला शक्यही नसते. शरीर पिशवीसारखे फुगलेले आणि पाय खुरटलेले. पोषकाचा शरीररस हाच तिचा आहार. ती आपल्याभोवतीच अंडी घालते. त्यांतून निघालेले चपळ डिंभ पंखांच्या मागील कडेशी जमतात. ढालकिड्यांचा समागम काही तास चालतो, आणि तेवढ्या अवधीत हे डिंभ एका किड्यावरून दुसऱ्यावर जातात. नवा पोषक गाठण्याचा याखेरीज दुसरा मार्ग त्यांना जवळजवळ नाहीच.

बाधा झालेली ढालकिड्याची मादी सुमारे तीन आठवड्यांत वंध्य होते. तिची अंडी सुरकुतून जातात. पण ती मरत नाही, आणि तिचा समागमही थांबत नाही. परजीवीला हवे असते ते नेमके हेच. पोषक मेला तर त्याची वाटच खुंटेल. पोषकाला संतती झाली काय, न झाली काय, त्याला त्याचे सुखदुःख नाही. बाधित जोडीदार टाळण्याची बुद्धी ढालकिड्यांना असेल असे कोणास वाटेल, परंतु प्रयोगांत तसे आढळले नाही.

तरीही परजीवीसमोर एक अडचण उरतेच. नव्याने जन्मलेले ढालकिडे बाधामुक्त असतात. त्यांच्यापर्यंत पोहोचायचे, तर जुन्या पिढीतील किडे तोवर जिवंत असून त्यांचा नव्या पिढीशी समागम व्हावा लागतो. उन्हाळा जेथे अल्पकाळ टिकतो, तेथे नवी पिढी हिवाळ्यातील शीतनिद्रेनंतरच समागम करते. तोवर जुनी पिढी संपलेली असते आणि साखळी तुटते. अशा प्रदेशांत ढालकिडे विपुल असले, तरी त्यांच्या पंखांखाली हा परजीवी सहसा आढळत नाही.