चुलीविना सफरचंदाचा गर : संत्र्याची साथ आणि स्वच्छतेची अट

फळे शिजवून त्यांचा गर करण्याची प्रथा थंड प्रदेशांत जुनी आहे. युरोप व अमेरिकेत हंगामात उतरलेली सफरचंदे सोलून, मंद आचेवर शिजवून व घोटून ठेवतात. हा मऊ गर तेथे जेवणात तोंडी लावणे म्हणून आणि लहान मुलांचा आहार म्हणूनही वापरला जातो. महाराष्ट्राची रीत थोडी निराळी आहे. येथे आमरसाला चूल लागत नाही. महाशिवरात्रीच्या सुमारास विदर्भातील घरांत होणारी कवठाची चटणीही गूळ, मीठ व जिरे घालून कच्चीच वाटली जाते. याच रीतीने सफरचंदाचा ताजा गर इंधन न जाळता पंधरा-वीस मिनिटांत घरी करता येतो. मात्र चूल टाळली म्हणजे चुलीचे काम टळले, असे होत नाही. ते काम अन्य मार्गाने पार पाडावे लागते.

नागपूरच्या बाजारातील जोडी

सफरचंद हे नागपूरचे फळ नव्हे. ते हिमाचल प्रदेश व काश्मीरमधून येते. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात सॅम्युअल स्टोक्स यांनी सिमल्याजवळच्या कोटगढ परिसरात अमेरिकन जातींची लागवड केली आणि तेथून हिमाचलातील व्यापारी बागायतीला चालना मिळाली. हिमाचलचा माल साधारणपणे ऑगस्टपासून व काश्मीरचा सप्टेंबरपासून बाजारात येऊ लागतो. पुढे शीतगृहांत साठविलेला माल अनेक महिने मिळत राहतो.

नागपूरच्या आंबिया बहाराची संत्री ऑक्टोबर ते डिसेंबर या काळात तोडणीस येतात. त्यामुळे दिवाळीच्या आगेमागे कळमना येथील बाजारात उत्तरेचे सफरचंद आणि विदर्भाचे संत्रे एकाच वेळी ताजे उपलब्ध असते. अठराव्या शतकात रघुजी भोसले यांनी औरंगाबादहून संत्र्याची रोपे आणविली, असे परंपरेने सांगितले जाते. २०१४ साली नागपुरी संत्र्याला भौगोलिक निर्देशांक मिळाला. या संत्र्याचा रस सफरचंदाच्या कच्च्या गरास विशेष उपकारक ठरतो. त्याचे कारण समजून घेण्यासाठी शिजविण्याने नेमके काय साधते, हे प्रथम पाहिले पाहिजे.

अग्नीची तीन कामे

सफरचंद शिजते तेव्हा तीन गोष्टी घडतात. पहिली, फळातील पेशी एकमेकींना धरून ठेवणारे पेक्टिन सैल होते आणि फळ मऊ पडते. दुसरी, फळाचा रंग काळवंडविणारे विकर उष्णतेने निकामी होते. तिसरी आणि सर्वांत महत्त्वाची, सालीवरून, हातांवरून किंवा पाण्यातून आलेले रोगजंतू मरतात. कच्चा गर करताना ही तिन्ही कामे अग्नीवाचून साधावयाची असतात. पहिली दोन सहज साधतात. तिसरे पूर्णपणे साधत नाही. म्हणूनच सर्वाधिक दक्षता तेथे घ्यावी लागते.

मऊपणाचे काम किसणी, मिक्सर किंवा पाटा-वरवंटा करतो. कच्च्या गराला शिजविलेल्या गराचा गुळगुळीतपणा येत नाही, तो किंचित रवाळ राहतो. फळ पिकलेले, रसाळ व गोड असावे, म्हणजे साखरेची गरज राहत नाही.

रंगाचे काम संत्रे करते. सफरचंद कापले की त्याच्या पेशी फुटतात आणि आतील फेनॉल वर्गातील द्रव्ये, विकर व हवेतील प्राणवायू एकत्र येतात. त्यातून तपकिरी रंग तयार होतो. संत्र्याच्या रसातील क जीवनसत्त्व ही क्रिया काही काळ थोपवून धरते आणि रसाच्या आंबटपणाने विकराचा जोर कमी होतो. लिंबू अधिक आंबट असल्यामुळे अधिक प्रभावी असते. परंतु त्याचे प्रमाण वाढल्यास फळाची चव झाकली जाते व साखर घालण्याचा मोह होतो. म्हणून संत्र्याचा रस मुख्य ठेवून लिंबाचे थोडे थेंब घालणे हा चांगला मध्यममार्ग होय. तपकिरी झालेला ताजा गर केवळ रंगामुळे अपायकारक ठरत नाही, हेही लक्षात असावे.

साहित्य व कृती

मध्यम आकाराची चार सफरचंदे, म्हणजे सुमारे ६०० ग्रॅम फळ, एका नागपुरी संत्र्याचा रस व अर्धा चहाचा चमचा लिंबाचा रस एवढे साहित्य चार-पाच जणांना पुरते. आवडीप्रमाणे चिमूटभर दालचिनीची किंवा वेलचीची पूड घ्यावी.

१. हात साबणाने स्वच्छ धुवावेत. विळी किंवा सुरी, किसणी व भांडे धुऊन कोरडे करावे.

२. सफरचंदे वाहत्या पिण्यायोग्य पाण्याखाली चोळून धुवावीत. संत्रे व लिंबूही कापण्यापूर्वी धुवावे, कारण सालीवरील घाण सुरीबरोबर आत जाते. टिकण्यासाठी सफरचंदावर खाद्य मेणाचा लेप दिलेला असू शकतो. तो नुसत्या पाण्याने पुरता जात नाही. अशा वेळी साल काढावी.

३. डागाळलेले, सडलेले किंवा बुरशी आलेले फळ संपूर्ण टाकून द्यावे. काही बुरशींचे विष सडक्या भागाभोवतीच्या चांगल्या दिसणाऱ्या गरातही उतरते, म्हणून तेवढाच भाग कापून टाकणे पुरेसे नसते.

४. संत्र्याचा व लिंबाचा रस आधी भांड्यात घ्यावा. फळाचा मधला भाग व बिया काढून टाकाव्यात. सफरचंदाच्या बियांत चावल्यास सायनाइड सोडणारे द्रव्य असते. मिक्सरमध्ये त्या जाऊ देऊ नयेत.

५. फळ थेट रसातच किसावे व प्रत्येक फळानंतर ढवळावे. मिक्सर वापरल्यास तो थांबत थांबत फिरवावा, कारण सतत फिरविल्याने गरात हवा मिसळते व रंग लवकर बदलतो.

६. शेवटी दालचिनी किंवा वेलची मिसळून गर लगेच वाढावा.

भांडे स्टीलचे, काचेचे किंवा चिनी मातीचे असावे. गंजलेल्या लोखंडी किसणीने गर लवकर काळा पडतो. कल्हई नसलेल्या तांब्या-पितळेच्या भांड्यात आंबट पदार्थ ठेवल्यास धातू त्यात उतरतो. तसे भांडे कदापि वापरू नये.

जे काम संत्रे करू शकत नाही

फळाचा आंबटपणा अनेक जंतूंची वाढ मंदावतो. परंतु त्याने सर्व जंतू मरतात हा समज चुकीचा आहे. १९९६ साली अमेरिकेच्या पश्चिम भागात व कॅनडात निर्जंतुक न केलेल्या सफरचंदाच्या रसातून ई. कोलाय या जिवाणूच्या घातक प्रकाराची बाधा साठांहून अधिक लोकांना झाली आणि एका लहान मुलीला प्राण गमवावे लागले. या घटनेनंतर तेथे अशा रसाच्या बाटलीवर धोक्याची सूचना छापण्याचा नियम १९९८ साली करण्यात आला. सफरचंदाच्या आंबट रसातही हे जिवाणू तग धरू शकतात, हा धडा त्यातून मिळाला. घरातील वाटीलाही तो लागू आहे.

म्हणून कच्च्या गराचे तीन नियम पाळावेत. पाणी शुद्ध असावे. ज्याला जुलाब किंवा उलट्या होत आहेत, त्याने तो करू नये. आणि गर करून ठेवू नये, करून खावा. शीतकपाट नसल्यास तो दोन तासांच्या आत संपवावा. विदर्भातील कडक उन्हाळ्यात हा अवधी एक तासाचाच समजावा. शीतकपाटात ५ अंश सेल्सिअसपेक्षा कमी तापमानात, झाकणाच्या भांड्यात ठेवलेला गर दुसऱ्या दिवसापर्यंत वापरण्यास हरकत नाही. बाजारात मिळणारे जॅम व स्क्वॅश महिनोन्‌महिने टिकतात ते उष्णता, साखर व परिरक्षक द्रव्ये यांमुळे. ताज्या गरापाशी यांपैकी काहीच नसते.

शिजविणे कोणासाठी आवश्यक

पहिले सहा महिने बाळाला केवळ आईचे दूध द्यावे, हा आरोग्य विभागाचा संदेश सर्वपरिचित आहे. त्यानंतर वरचा आहार सुरू करताना सफरचंद द्यावयाचे असल्यास ते वाफवून, कुस्करून द्यावे. एक वर्षाखालील बालकाची प्रतिकारशक्ती अपुरी असते आणि जुलाबाने ते झपाट्याने खालावते. या वयात गोडीसाठी मधही घालू नये. मधातील जिवाणूंच्या बीजाणूंमुळे तान्ह्या बाळांना गंभीर आजार होऊ शकतो. चार वर्षांखालील मुलांना कच्च्या सफरचंदाच्या कडक फोडी देणे धोक्याचे असते, कारण त्या घशात अडकू शकतात. त्यांच्यासाठी बारीक किसलेला गर अधिक सुरक्षित होय. गंभीर आजारातून उठलेल्या व्यक्तीसाठीही शिजविलेला गरच श्रेयस्कर.

पोषणाचा हिशेब

सफरचंद महाग आहे म्हणून ते अधिक पौष्टिक, ही समजूत समाजात खोलवर रुजली आहे. रुग्णाला भेटावयास जाताना तेच नेले जाते. वस्तुस्थिती अशी की १०० ग्रॅम सफरचंदात क जीवनसत्त्व सुमारे ४ मिलिग्रॅमच असते. संत्र्यात ते सुमारे ४० मिलिग्रॅम, तर पेरूत २०० मिलिग्रॅमच्या आसपास असते. आवळ्यात ते त्याहूनही अधिक असते. सफरचंदाचे मोल आहे ते त्यातील तंतूंमुळे, आणि गर करताना ते तंतू रसासारखे गाळून टाकले जात नाहीत. उष्णतेने घटणारे क जीवनसत्त्व कच्च्या गरात बऱ्याच अंशी टिकते. परंतु मुळात त्यातील मोठा वाटा संत्र्याच्या रसाचा असतो.

यावरून निष्कर्ष उघड आहे. ज्या घरी सफरचंद आणले जाते तेथे त्याचा गर अवश्य करावा. परंतु ज्यांना ते परवडत नाही त्यांच्या मुलांचे त्यावाचून काही अडत नाही. हिवाळ्यात पिकलेल्या पेरूचा गर कुस्करून, चाळणीतून बिया काढून व संत्र्याचा रस घालून याच रीतीने करता येतो. तो स्वस्त पडतो आणि गुणांत वरचढ ठरतो.

शाळा आणि ग्रामपंचायत

शिक्षकांना या विषयातून विज्ञानाचा एक सोपा पाठ देता येईल. एका सफरचंदाच्या तीन फोडी तीन बश्यांत ठेवाव्यात. एक तशीच ठेवावी, दुसरीला संत्र्याचा व तिसरीला लिंबाचा रस लावावा. अर्ध्या तासाने रंगांतील फरक मुलांनी स्वतः नोंदवावा. विकर, आम्ल व प्राणवायू यांचे कार्य पुस्तकाबाहेर दिसते आणि हात धुण्याचा धडाही त्याच तासाला देता येतो.

ग्रामपंचायत सदस्यांचा या पाककृतीशी काय संबंध, असा प्रश्न पडू शकेल. संबंध पाण्याचा आहे. शिजविलेल्या अन्नात पाण्यातील दोष बऱ्याच अंशी निघून जातो. कच्च्या पदार्थात तो थेट पोटात जातो. गावाच्या विहिरीत किंवा टाकीत टीसीएल पावडर योग्य प्रमाणात पडते किंवा नाही आणि ओ.टी. चाचणीत नळाच्या पाण्याला पिवळी छटा येते किंवा नाही, यावर घराघरांतील फळांची वाटी सुरक्षित आहे की नाही हे ठरते. पाण्यात लिटरमागे किमान ०.२ मिलिग्रॅम क्लोरिन शिल्लक असावे, हा दंडक त्यासाठीच आहे. ही चाचणी नियमित व्हावी, तिची नोंद वहीत राहावी आणि गळक्या जलवाहिन्या वेळीच दुरुस्त व्हाव्यात.

ताज्या फळाचा लाभ घराघरांत पोहोचावयाचा तर फळाइतकेच पाणी व हात यांकडे लक्ष द्यावे लागेल. घरी ही जबाबदारी स्वयंपाक करणाऱ्यांची, शाळेत शिक्षकांची आणि गावात पंचायतीची आहे.