पुसदहून एडिटिंगकडे

प्रश्न : पुसदला बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. मोबाइलवर एडिटिंग जमतं. थेट मुंबई गाठू का?

उत्तर : घाई नको. सॉफ्टवेअरवर महिनाभरात हात बसतो. शॉट कुठे तोडायचा, हे कळायला वर्षं जातात. रेणू सलुजांना पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शनाला प्रवेश मिळाला नाही. त्या संकलनाकडे वळल्या आणि पुढे ‘परिंदा’साठी राष्ट्रीय पुरस्काराच्या मानकरी ठरल्या. पदवीनंतर तिथली प्रवेश परीक्षा द्या. जागा मोजक्याच, असं म्हणाल. खरंय. म्हणूनच तोवर गावातल्या लग्नाचं तासाभराचं फुटेज पाच मिनिटांवर आणा : अक्षता पडतानाचा नवरीच्या आईचा चेहरा ठेवा, ड्रोनची हौस कापा. जागा नाहीच मिळाली, तर मुंबईत मालिका आहेत : तिथे एडिटिंग असिस्टंटच्या वाट्याला रात्रपाळ्या येतात, पण रोजच्या एपिसोडच्या रेट्यात हात तयार होतो. सुरुवातीच्या खोलीभाड्याची सोय झाली, की मुंबई गाठा.