३.४ मालमत्तेच्या याद्या आणि घराचा इतिहास

मागील भागात आपण १६२० मध्ये वसलेल्या प्लिमथ वसाहतीची माहिती घेतली. तेथील सामान्य कुटुंबांनी स्वतःविषयी फारसे लिहून ठेवलेले नाही. त्यामुळे त्यांचे घर जाणून घेण्यासाठी मृत्यूनंतर केल्या जाणाऱ्या मालमत्तेच्या याद्या महत्त्वाच्या ठरतात. गावातील जाणती माणसे घरात फिरून वस्तूंच्या किमती लिहीत. पिसांची गादी, पांघरुणे व पडदे यांसह बिछाना हा बहुधा घरातील सर्वांत मौल्यवान ऐवज असे. खुर्च्या मोजक्याच असत. इतर जण बाकावर किंवा पेटीवर बसत.

मात्र ही साधने चिकित्सेने वाचली पाहिजेत. इंग्रजी कायद्यानुसार विवाहितेची जंगम मालमत्ता पतीची ठरे. म्हणून तिने रोज हाताळलेले भांडेही यादीत पतीच्या नावे येते. व्हर्जिनियातील याद्यांत तर गुलाम माणसे गुरे व भांडी यांच्याबरोबर, किमतीसह नोंदलेली आढळतात. अशा रीतीने या याद्यांतून वस्तूंबरोबरच त्या समाजातील अधिकारांची रचनाही स्पष्ट होते.

स्वयं-अध्ययन प्रश्न : मालमत्तेच्या याद्यांचे इतिहासाचे साधन म्हणून महत्त्व व मर्यादा सांगा.