मुंगसाची मुळी आणि उसातली घोणस

सोमेश्वरनगर भागातल्या एका ऊस उत्पादक वाचकांचा प्रश्न आहे: "बाजारात मुंगूसवेलीची मुळी मिळते. सापाशी झुंजताना मुंगूस तीच खातं म्हणतात. रात्री दारं धरायला जाताना ती खिशात ठेवावी का? साप चावलाच तर उगाळून द्यावी का?"

खिशात ठेवायला हरकत नाही. उगाळून मात्र देऊ नका.

मुंगूस वाचतं ते मुळीमुळे नाही. आपली नस स्नायूला जिथं निरोप देते, तिथं नागाचं विष जाऊन बसतं. मग पापण्या मिटायला लागतात, जीभ जड होते आणि शेवटी श्वासाचे स्नायू थांबतात. मुंगसाच्या शरीरात त्या जागेची घडणच निराळी असते, त्यामुळे विषाला तिथं नीट चिकटता येत नाही. त्यात ते चपळ आणि अंगावरचे केस फुलवून सापाला चकवणारं. त्याचं औषध त्याला जन्मतःच मिळालेलं आहे, ते कुणाच्या बांधावर उगवत नाही.

"पण आमच्या चुलत्यांना गुण आला होता," असं कुणी ना कुणी सांगतंच, आणि ते खोटं बोलत नसतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाने जगात दरवर्षी सुमारे 54 लाख लोकांना साप चावतो, पण प्रत्यक्ष विषबाधा होते ती 18 ते 27 लाखांना. उरलेल्यांपैकी कुणाला बिनविषारी साप चावलेला असतो, तर कुणाला विषारी सापाने दात लावूनही विष सोडलेलं नसतं. अशा माणसाला मुळी द्या, अंगारा लावा किंवा नुसतं पाणी पाजा, तो सकाळी उठून चहा पिणारच. श्रेय मात्र मुळीला जातं. आणि जो दगावतो, त्याच्या घरचे "उशीर झाला" म्हणतात. मुळीची परीक्षा कधी होतच नाही.

विकणारा जे हातात देतो ते नक्की काय असतं, हाही प्रश्न आहेच. मुंगूसवेल या नावाखाली ठिकठिकाणी वेगवेगळ्या वनस्पती दाखवतात. काही भागांत सर्पगंधेलाच हे नाव आहे. सर्पगंधा ही खरोखर गुणी वनस्पती. मुंबईचे डॉ. रुस्तम जाल वकील यांनी 1949 मध्ये रक्तदाबावरचा तिचा परिणाम ब्रिटिश नियतकालिकात मांडला आणि जगाचं तिच्याकडे लक्ष गेलं. पण तिचा गुण रक्तदाब उतरवण्याचा आहे. घोणस चावलेल्या माणसाचा रक्तदाब आधीच कोसळत असतो, त्याला हीच मुळी द्यायची म्हणजे काय, ते तुम्हीच ठरवा. दुसरी एक वेल सापसंद. हिच्या कुळातल्या वनस्पतींत अ‍ॅरिस्टोलोकिक आम्ल असतं, ते मूत्रपिंड निकामी करतं आणि मूत्रमार्गाचा कर्करोगही घडवतं. 1990 च्या दशकात बेल्जियममध्ये वजन कमी करण्याच्या गोळ्यांत अशीच एक वनस्पती चुकून गेली आणि अनेक स्त्रियांची मूत्रपिंडं कायमची गेली. घोणशीचं विषही मूत्रपिंडावरच घाव घालतं.

आपल्याकडे उसाच्या फडात सगळ्यात जास्त भीती घोणशीचीच. फडात उंदीर असतात, पाचटाखाली गारवा असतो, आणि वीज रात्रीची येते म्हणून माणूसही रात्रीच सरीत उतरतो. घोणशीच्या विषाने रक्त गोठायचं थांबतं. दवाखान्यात आम्ही साधी तपासणी करतो: कोरड्या स्वच्छ काचेच्या नळीत दोन मिली रक्त घेऊन ती वीस मिनिटं न हलवता ठेवायची. नळी तिरकी केल्यावर रक्त पाण्यासारखं वाहिलं, की लगेच प्रतिसर्पविष सुरू. हे औषध घोड्याच्या रक्तातून तयार होतं. नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांवर चालतं. सरकारी दवाखान्यात ते मोफत मिळतं. लहान मुलालाही मोठ्या माणसाइतकंच द्यावं लागतं, कारण सापाने चावताना वय विचारलेलं नसतं.

चावल्यावर घड्याळ बघा. अंगठी, कडं, जोडवी, बांगड्या काढा, सूज आली की त्या निघत नाहीत. हात किंवा पाय फळकुटाला सैल बांधून मोडलेल्या हाडासारखा स्थिर ठेवा. आवळपट्टी बांधू नका. कुणी आधीच बांधली असेल तर ती डॉक्टरांसमोरच सोडवा. चिरा, चोखणं, बर्फ, मिरची किंवा कडुनिंब खाऊन "कडू लागतं का" बघणं, यात वेळच जातो. रुग्णाला चालवू नका. गाडी नसेल तर मोटारसायकलवर त्याला मध्ये बसवून मागे एकाने धरा, किंवा 108 ला फोन करा. सापाच्या मागे काठी घेऊन धावू नका, दुसरा माणूस चावून घेईल. नीरा-बारामती रस्त्याने बारामतीचं शासकीय रुग्णालय गाठा, इंदापूरकडच्यांनी इंदापूरचं उपजिल्हा रुग्णालय. निघतानाच कुणाला तरी फोन करून औषध उपलब्ध आहे का ते विचारायला सांगा.

विंचवाचंही तसंच. आघाड्याची मुळी लावण्याची रीत जुनी आहे, पण कोकणातल्या लाल विंचवाने जाणारे जीव वाचू लागले ते महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी 1980 च्या दशकात प्राझोसिन हे औषध वापरायला सुरुवात केल्यावर.

मण्यारीबद्दल वेगळं सांगायला हवं, कारण ती बहुतेक वेळा झोपेतच चावते आणि दुखतही नाही. खूण शोधूनही सापडत नाही. जमिनीवर झोपलेला माणूस पहाटे पोट दुखतंय म्हणून उठतो, उलटी होते, घरचे पित्ताची गोळी देतात. तासाभरात पापण्या उघडेनाशा होतात. रात्री जमिनीवर झोपलेल्या कुणाला पहाटे असं झालं तर साप दिसला नसला तरी सर्पदंश समजूनच निघा. त्याला कृत्रिम श्वासावर काही दिवस ठेवावं लागेल, पण वेळेत पोचला तर तो पूर्ण बरा होऊन घरी येतो.

ऊसतोडीच्या टोळ्या कोप्यांत जमिनीवर झोपतात. बागायतदारांनी आणि मुकादमांनी मुळी विकत घेण्याचे पैसे मच्छरदाण्यांवर खर्च करावेत. कडा अंथरुणाखाली नीट खोचल्या की मण्यारीला आत येता येत नाही. पाणी द्यायला जाताना गुडघ्यापर्यंतचे बूट आणि बॅटरी. पाचट हाताने नाही, काठीने सरकवायचं.