कचरागाडी ते ७५१ सामने: गोलकीपर नेव्हिल साउथॉलकडून धंद्याचे ५ धडे



या आठवड्याच्या व्हिडिओचा विषय होता, "धंदा एक पायरी खाली आणायची वेळ आली तर काय करायचं?" त्यात मी वेल्सच्या एका गोलकीपरचं नाव घेतलं होतं, नेव्हिल साउथॉल. व्हिडिओत दोन मिनिटांत त्याची गोष्ट उरकावी लागली. इथे ती नीट, तारखा आणि आकड्यांसकट बघू. फुटबॉल कळत नसेल तरी चालेल, लागेल तेवढं मी सांगत जातो.

आधी थोडक्यात ओळख. साउथॉलचा जन्म १९५८ चा, उत्तर वेल्समधल्या लॅन्डड्नो या समुद्रकाठच्या गावातला. इंग्लंडच्या एव्हर्टन क्लबसाठी तो ७५१ सामने खेळला. त्या क्लबसाठी इतके सामने दुसरं कोणीच खेळलेलं नाही. वेल्सच्या राष्ट्रीय संघाकडून ९२ सामने. हा पुरुष संघाचा विक्रम २०१८ पर्यंत टिकला. दोन लीग विजेतेपदं, दोन एफए कप, एक युरोपियन कप विनर्स कप.

हे वाचून वाटेल, लहानपणापासून मोठ्या अकादमीत वाढलेला मुलगा असणार. तसं अजिबात नाही.

धडा १: आजचा भाव म्हणजे तुमची कुवत नव्हे

शाळा सुटल्यावर साउथॉलने मिळेल ते काम केलं. कचरागाडीवर काम केलं, बांधकामावर विटा वाहिल्या, वेटरचंही काम केलं. सोबत छोट्या स्थानिक क्लबांकडून खेळणं चालूच होतं. पुढे त्याचं आत्मचरित्र आलं, त्याचं नावच "द बिनमॅन क्रॉनिकल्स". म्हणजे मोठा झाल्यावरही कचरा उचलणारा माणूस ही ओळख त्याने लपवली नाही, उलट मुखपृष्ठावर छापली.

१९८० मध्ये बरी नावाच्या छोट्या व्यावसायिक क्लबने त्याला विन्सफर्ड युनायटेडकडून घेतलं. किंमत ६,००० पौंड. वय २१. साधारण वर्षभराने, १९८१ मध्ये, एव्हर्टनने त्याला बरीकडून घेतलं. किंमत १,५०,००० पौंड.

गणित करा. २५ पट. माणूस तोच, हात तेच. बदललं काय? एक पूर्ण मोसम तो व्यावसायिक लीगमध्ये लोकांच्या डोळ्यांसमोर खेळला. कौशल्य आधीपासून तयार होत होतं, भाव मिळाला तो पुरावा दिसल्यावर.

नवीन उद्योजक इथेच गडबडतात. पहिल्या वर्षी भाव मिळत नाही म्हणून "माझ्या मालातच दम नाही" असं ठरवून मोकळे होतात. आधी विचारा: माल कमी पडतोय, की पुरावा? पुरावा कमी असेल तर तो जमवता येतो. नियमित पुरवठा, वेळेवर डिलिव्हरी, परत येणारं गिऱ्हाईक, हाच आपल्या धंद्यातला पुरावा.

धडा २: ०-५ चा दिवस आणि त्याचा हिशोब

आता मुख्य गोष्ट. ६ नोव्हेंबर १९८२. एव्हर्टन विरुद्ध लिव्हरपूल. दोन्ही क्लब एकाच शहरातले, त्यामुळे ही लढत म्हणजे इज्जतीचा प्रश्न. सामना एव्हर्टनच्याच गुडिसन पार्क मैदानावर. निकाल: एव्हर्टन ०, लिव्हरपूल ५. त्यातले चार गोल एकट्या इयन रशचे, आणि हा रश वेल्सच्या संघात साउथॉलचाच सहकारी!

गोलकीपरची अडचण समजून घ्या. फॉरवर्डने दहा संधी घालवल्या आणि एक गोल केला, तर तो हिरो. गोलकीपरने दहा बॉल अडवले आणि एक सुटला, तर लोकांच्या लक्षात तो एकच राहतो. दुकानाचंही असंच आहे. नव्व्याण्णव पार्सलं वेळेवर पोचतात, त्याबद्दल फोन येत नाही. फोन येतो तो शंभराव्याबद्दल.

त्या दिवशी पाचही गोल साउथॉलमुळेच झाले का? नाही. एव्हर्टनचा बचावपटू ग्लेन कीली पहिल्याच हाफमध्ये मैदानाबाहेर काढला गेला, त्यामुळे उरलेला सामना एव्हर्टन दहाच खेळाडूंनी खेळला. पण स्कोअरबोर्डवर कारणं लिहीत नाहीत. तिथे फक्त ०-५ दिसतं. साउथॉलची संघातली जागा गेली.

तुमचा ०-५ चा दिवस कधी ना कधी येणारच. मोठी ऑर्डर रद्द होईल, सणासाठी भरलेला माल पडून राहील. त्या दिवशी कागदाचे दोन रकाने करा. एकात परिस्थितीचा वाटा, दुसऱ्यात आपला वाटा. सगळं परिस्थितीवर ढकललं तर शिकायला काही उरत नाही. सगळं स्वतःवर घेतलं तर उठायची ताकद उरत नाही.

धडा ३: पायरी उतरायची, पण काम आणि मुदत ठरवून

जानेवारी १९८३ मध्ये एव्हर्टनने साउथॉलला पोर्ट वेल क्लबकडे लोनवर पाठवलं. हे लोन बँकेचं नाही हं. खेळाडू आपल्याच क्लबचा राहतो, फक्त काही दिवस दुसऱ्या क्लबला उसना देतात. एव्हर्टन पहिल्या डिव्हिजनमध्ये, पोर्ट वेल चौथ्या. म्हणजे तीन पायऱ्या खाली. कालपर्यंत देशातल्या सगळ्यात मोठ्या मैदानांवर खेळणारा, राष्ट्रीय संघात पोचलेला गोलकीपर आता चौथ्या डिव्हिजनमध्ये.

बाहेरून बघणाऱ्याला वाटेल, संपला.

तिथे तो नऊ सामने खेळला आणि एव्हर्टनला परत आला. या नऊ सामन्यांमधून आपल्याला काय घेता येईल, ते बघू. मला तीन गोष्टी दिसतात.

पहिली, त्याला काम मिळालं. मोठ्या क्लबात राखीव म्हणून बसलं की हात गंजतात. गोलकीपरला खरा सामना लागतो: खरी गर्दी, अंगावर येणारे खरे खेळाडू. मोठ्या नावाच्या सावलीत रिकामं बसण्यापेक्षा छोट्या जागी रोजचं काम बरं.

दुसरी, मूळ नातं तुटलं नाही. तो एव्हर्टनचाच खेळाडू होता. परतीचा रस्ता उघडा ठेवून तो खाली गेला.

तिसरी, मुदत छोटी होती. ते काही कायमचं घर नव्हतं.

आता आपल्याकडे या. दुसरी शाखा चालत नाहीये. भाडं, पगार, लाइटबिल मिळून दर महिन्याला पहिल्या दुकानाचा नफा खातेय. मालकाला हे कळतं. तरी तो ती बंद करत नाही. का? कारण "लोक काय म्हणतील". एका पाटीसाठी चालतं दुकान पणाला लावायचं, असा तो सौदा होतो. हा सौदा करू नका.

पायरी खाली उतरायची असेल तर साउथॉलसारखी उतरा. कागदावर तीन ओळी लिहा:

१. खाली जाऊन मी नेमकं कोणतं काम पक्कं करणार? (उदा. उधारी वसुली, मालाचा हिशोब, ठरावीक दहा वस्तूंचीच विक्री)

२. कोणती नाती तुटू द्यायची नाहीत? (जुने पुरवठादार, कायमची गिऱ्हाइकं, कसबी कारागीर)

३. मुदत किती, आणि परत वर जायचं हे मी कोणत्या आकड्यावरून ठरवणार?

या तीन ओळी लिहिता येत असतील तर ती दुरुस्ती आहे. लिहिता येत नसतील तर ती नुसती पळवाट आहे. आणि एक स्पष्ट सांगतो: मालाला मागणीच नसेल, तर मोठं दुकान छोटं करून उपयोग नाही. साउथॉलकडे कुवत होती, म्हणून पोर्ट वेल कामाला आलं.

परतल्यावर काय झालं ते बघा. १९८३-८४ च्या मोसमात त्याने जागा परत मिळवली. मे १९८४ मध्ये एव्हर्टनने वॉटफर्डला २-० हरवून एफए कप जिंकला. पुढच्या मोसमात, १९८४-८५ ला, एव्हर्टन लीग विजेता, ९० गुण, दुसऱ्या नंबरच्या लिव्हरपूलपेक्षा १३ ने जास्त. त्याच मोसमात रॉटरडॅमला रॅपिड व्हिएन्नाला ३-१ हरवून कप विनर्स कप. आणि इंग्लंडच्या फुटबॉल पत्रकारांच्या संघटनेने १९८५ चा सर्वोत्तम फुटबॉलपटू म्हणून साउथॉलची निवड केली.

त्या मोसमातला एक क्षण एव्हर्टनचे लोक अजून सांगतात. एप्रिल १९८५, टॉटनहॅमच्या मैदानावर सामना. दोन्ही संघ विजेतेपदाच्या शर्यतीत. एव्हर्टन २-१ ने पुढे, वेळ थोडा उरलेला. टॉटनहॅमच्या मार्क फाल्कोने अगदी जवळून हेडर मारला. गोल झालाच असं वाटत असताना साउथॉलने तो बारवरून बाहेर ढकलला. एव्हर्टन जिंकलं. पोर्ट वेलच्या सामन्यांनंतर जेमतेम दोन वर्षांतली ही गोष्ट.

धडा ४: चांगला माणूस एकच असेल तर धंदा लंगडा

मार्च १९८६. डब्लिनच्या लॅन्सडाउन रोड मैदानावर वेल्स विरुद्ध आयर्लंड सामन्यात साउथॉलच्या घोट्याला गंभीर दुखापत झाली. मोसमाचा उरलेला भाग गेला, आणि लिव्हरपूलविरुद्धचा एफए कपचा अंतिम सामनाही त्याला खेळता आला नाही.

एव्हर्टनकडे बॉबी मिम्स हा दुसरा गोलकीपर होता. त्या मोसमात लीग आणि कप दोन्ही लिव्हरपूलने नेले, पण त्याचं खापर मिम्सवर फोडणं चूक ठरेल. पुढच्या मोसमाची सुरुवातही मिम्सनेच सांभाळली. मग साउथॉल परतला, आणि १९८६-८७ ला एव्हर्टन पुन्हा लीग विजेता झालं.

आपल्या दुकानात "मिम्स" कोण आहे? हिशोब एकालाच कळतो, मशीन एकालाच चालवता येतं, पुरवठादार एकालाच ओळखतो. तो एक माणूस आजारी पडला की शटर खाली. बहुतेक ठिकाणी तो एक माणूस म्हणजे मालक स्वतःच असतो. आठवड्यातून एक दिवस दुसऱ्याला तुमचं काम करू द्या. त्यात थोडा तोटा होईल, तो शिकवणीचा खर्च समजा.

धडा ५: तुम्ही सांगितलं नाही, तर लोक स्वतःच अर्थ लावतात

२५ ऑगस्ट १९९०. मोसमाचा पहिला सामना, समोर लीड्स. हाफटाइमला एव्हर्टन ०-२ ने मागे. सगळे ड्रेसिंग रूममध्ये असताना साउथॉल बाहेर आला आणि भरल्या मैदानात गोलपोस्टला टेकून एकटा बसला. बंड, निषेध, रुसवा, लोकांनी जो तो अर्थ लावला. डोकं शांत करायला बसलो होतो, असं त्याचं म्हणणं होतं. पण तोवर फोटो सगळीकडे पोचला होता.

तुम्ही दुकान छोटं करता, वेळ बदलता, चार दिवस बंद ठेवता, तेव्हा गिऱ्हाईक आणि पुरवठादार हेच करतात. "बुडाला वाटतं," ही बातमी तुमच्या आधी बाजारात पोचते. आणि मग उधारीवर माल मिळणं बंद होतं. म्हणून पायरी उतरण्याआधी पाच-सहा महत्त्वाच्या माणसांना स्वतः भेटा. काय करतोय, का करतोय, त्यांचे पैसे कधी देणार, हे तोंडाने सांगा.

शेवटी एवढंच

साउथॉलला सगळं मिळालं असं नाही. ९२ सामने खेळूनही वेल्ससोबत त्याला एकही वर्ल्ड कप किंवा युरो स्पर्धा खेळता आली नाही. नोव्हेंबर १९९३ मध्ये कार्डिफला रोमानियाविरुद्ध जिंकले असते तर १९९४ च्या वर्ल्ड कपला गेले असते. हरले, १-२. पण दीड वर्षाने, मे १९९५ मध्ये, वयाच्या ३६ व्या वर्षी तो वेम्बलीवर मँचेस्टर युनायटेडविरुद्ध उभा होता. एव्हर्टनने १-० ने एफए कप जिंकला, आणि पॉल स्कोल्सचे लागोपाठचे दोन फटके त्याने अडवले.

एव्हर्टन सुटल्यावर तो पुन्हा खालच्या डिव्हिजनच्या क्लबांकडून खेळला, टॉर्कीसारख्या छोट्या क्लबातही. मार्च २००० मध्ये, ४१ व्या वर्षी, ब्रॅडफर्डकडून प्रीमियर लीगचा एक सामनाही खेळला. पुढे दक्षिण वेल्समध्ये विशेष गरजा असलेल्या मुलांसोबत आणि शिक्षणातून बाहेर पडलेल्या तरुणांसोबत त्याने काम केलं.

विटा वाहण्यापासून वेम्बलीपर्यंत आणि तिथून शाळेपर्यंत, प्रत्येक ठिकाणी त्याने समोरचं काम केलं. पायरी कितवी आहे, हे मोजत बसला नाही.

या आठवड्याचा गृहपाठ: धडा ३ मधल्या तीन ओळी स्वतःच्या धंद्यासाठी लिहा. आज पायरी उतरायची गरज नसेल तरी लिहा. गरज पडेल तेव्हा डोकं शांत नसतं. लिहून झालं की कमेंटमध्ये फक्त दुसरी ओळ टाका: कोणती नाती तुटू देणार नाही? पुढच्या व्हिडिओत त्यातल्या काही उत्तरांवर बोलू.

भेटूया, तोपर्यंत गल्ल्याचा हिशोब रोजच्या रोज!