बांधावरची रुई आणि पिवळा मावा

2002 च्या जुलैत आमच्या सांगली जिल्ह्यात उसावर लोकरी मावा आला. पानाखाली पांढरी लोकर, खालच्या पानांवर चिकटा, त्यावर काळी बुरशी. वाळवा तालुक्यात तेव्हा दुसरा विषयच नव्हता. त्यामुळे पुढच्या श्रावणात बांधावरच्या रुईच्या शेंड्यांवर पिवळाजर्द मावा दिसला आणि माझ्या पोटात गोळा आला. हा आता उसात शिरणार, एवढंच डोक्यात. घरात होतं ते औषध पंपात कालवलं आणि सगळी रुई धुऊन काढली.

तिसऱ्या दिवशी शनिवार. सासूबाई मारुतीच्या माळेसाठी त्याच रुईची पानं खुडायला निघाल्या होत्या. मी धावत जाऊन परडी काढून घेतली. पानांखाली पट्ट्यापट्ट्यांच्या अळ्या वाळून लटकल्या होत्या, बुडाशी ढालकिड्यांचा सडा. मावा मात्र पंधरवड्यात परत आला, पहिल्याहून दाट. त्याला नर लागत नाही, मादी थेट पिल्लंच घालते. आणि त्यांना खाणारे मीच मारून टाकले होते.

तो मावा उसाचा नव्हताच. पिवळं अंग, काळे पाय, पाठीमागे दोन काळ्या नळ्या असा मावा रुई-कण्हेरीसारख्या चिकाच्या झाडांवर राहतो. उसावर वस्ती करत नाही. लोकरी माव्यालाही पुढे आवर घातला तो डिफा नावाच्या कीटकाच्या अळीनं आणि मायक्रोमस या मित्रकीटकानं. लोक अळ्या असलेली पानं एका फडातून दुसऱ्या फडात नेऊन लावत होते, आणि मी इकडे पंप मारत होते. याची खंत अजून जात नाही.

म्हणून सांगते, आधी पान उलटून बघा. काळ्या-पांढऱ्या-पिवळ्या पट्ट्यांची, पाठीवर काळ्या शिंगांच्या तीन जोड्या असलेली अळी प्लेन टायगर फुलपाखराची. ती पानं खाते, पण रुई पुन्हा फुटते. इवल्या मगरीसारखी दिसणारी काळी अळी ढालकिड्याची. तिला कीड समजून चिरडू नका. माव्यात काही फुगलेले, तपकिरी, हलत नसलेले दिसले, तर त्यांच्या पोटात बारीक गांधीलमाशीचं पिल्लू वाढतंय. तेही राहू द्या.

रोप लहान असून शेंडा आकसत असेल, तर सकाळी पाण्याचा जोरदार फवारा पुरतो. मी हातानं वेचते तो फक्त पिवळ्या-निळ्या पट्ट्यांचा टोळ. माझ्या माहेरी, माणच्या माळावर, तो रुईचा नुसता सांगाडा ठेवतो आणि कधी भाजीपाल्यावरही जातो. पकडला की पिचकारी मारतो, म्हणून फडक्यात धरून साबणाच्या पाण्यात टाकायचा.

चिकाला जपा. डोळ्यात गेला तर सुरुवातीला दुखतही नाही, नुसतं धुरकट दिसायला लागतं. लगेच भरपूर स्वच्छ पाण्यानं डोळा धुवा आणि त्याच दिवशी डॉक्टर गाठा.

आणि कधी बांधाकडेला औषध मारावंच लागलं, तर तिथल्या रुईला लाल चिंधी बांधा, आसपासच्या घरांत सांगून ठेवा. शनिवारी पानं खुडायला कोण येईल, सांगता येत नाही.